गरज ताब्यानंतरही खरी राहिली पाहिजे

नाशिकच्या मेन रोडला लागून असलेल्या एका गल्लीतल्या गाळ्याचा दावा परवा जागामालकाच्या बाजूने लागला. दुकान चाळीस वर्षांहून जुनं. मालकाच्या मुलाला तिथे स्वतःचा धंदा टाकायचा आहे. न्यायालयाने ती गरज मान्य केली आणि ताबा द्यायला सांगितलं. त्या संध्याकाळपासून रविवार कारंज्यापासून भांडी बाजारापर्यंत दुसरा विषय नाही. दुकानदार म्हणतात, आज त्यांचं गेलं, उद्या आपलं जाणार. सिंहस्थ कुंभमेळा तोंडावर आला म्हणून मालकांना आपली मुलं आठवली. वाडामालक म्हणतात, ज्याची जागा त्याची. पिढ्यान्‌पिढ्या चार पैशांत वापरली, आता मुकाट्याने निघा. दोघेही तावातावाने बोलताहेत, पण मूळ प्रश्नाला कोणी हात लावत नाही. प्रश्न ‘जागा कोणाची’ हा नाहीच, ती मालकाची आहे हे दुकानदारही जाणतो. ‘धंदा कोणाचा’ हाही नाही, तो दुकानदाराचा आहे हे मालकालाही ठाऊक आहे. प्रश्न असा आहे, की मालकाच्या घरात खरोखर गरज उभी राहिली तर ती किती दिवसांत भागावी, आणि ती खरी होती की नव्हती हे ठरवायचं तरी कधी?

माझं मत सुरुवातीलाच सांगते. मालकाच्या कुटुंबाची गरज खरी असेल तर गाळा रिकामा झाला पाहिजे, आणि तोही दोन-तीन वर्षांत, एका पिढीनंतर नव्हे. पण आजचा कायदा गरजेची परीक्षा ताबा मिळेपर्यंतच घेतो. ताबा मिळाला की जेमतेम वर्षभर लक्ष ठेवतो आणि मग पाठ फिरवतो. ती परीक्षा ताब्यानंतर कितीतरी वर्षं चालू राहायला हवी. आणि ज्याने त्या जागेवर गिऱ्हाईक उभं केलं त्याने रिकाम्या हाताने पायऱ्या उतरू नयेत.

हे मी भाडेकरूची मुलगी म्हणून लिहिते आहे. भद्रकालीकडे उतरणाऱ्या रस्त्यावर एका वाड्याच्या दर्शनी भागात आमचं वह्या-पुस्तकांचं दुकान होतं. दहा बाय चौदाचा गाळा, भाडं महिना पंच्याऐंशी रुपये. १९८८ साली मालकांची मुलगी नवऱ्याच्या मृत्यूनंतर दोन लेकरं घेऊन माहेरी परतली. तिला शिवणवर्ग काढायचा होता, सोबत कापडाचं छोटं दुकान. मालकांनी वर्षभर तोंडी विनवलं, मग नोटीस दिली, मग दावा लावला. वडिलांच्या वकिलांनी सांगितलं, “काळजी करू नका, पंधरा-वीस वर्षं काही होत नाही. फक्त दुसरी जागा बघू नका, नाहीतर तुमच्याकडे पर्याय आहे असं होईल.” आम्हाला तो दिलासा वाटला. दावा अकरा वर्षं चालला. त्या अकरा वर्षांत वडिलांनी दुकानाला रंग दिला नाही, एक नवं कपाट केलं नाही, दुसरीकडे जागा बघितली नाही. निकाल विरोधात गेला तेव्हा त्यांनी अपील करायचं नाकारलं आणि चावी देऊन आले. मालकांच्या मुलीची मुलं तोवर कॉलेजात जात होती आणि ती स्वतः दुसऱ्याच्या कारखान्यात शिलाईवर होती. तिने काही महिने दुकान चालवून पाहिलं. ते जमलं नाही. सोळाव्या महिन्यात तो गाळा एका घड्याळवाल्याला भाड्याने गेला.

तिने आम्हाला फसवलं का? मी कितीही विचार केला तरी ‘हो’ म्हणवत नाही. १९८८ साली तिची गरज शंभर टक्के खरी होती. ती आम्ही तारखांवर तारखा घेत शिळी केली. पण सोळाव्या महिन्यात तो गाळा वडिलांना विचारण्याचं बंधन कोणावरच नव्हतं, हेही तितकंच खरं. अकरा वर्षं भांडलेल्या माणसाला आधी विचारायला हवं होतं. हा एकच प्रसंग आजच्या वादातल्या दोन्ही बाजूंना खोटं पाडतो, म्हणून सांगितला.

आता कायदा काय म्हणतो ते पाहू. बाजारात चाललेली बरीच चर्चा ऐकीव आहे. महाराष्ट्र भाडे नियंत्रण अधिनियम १९९९ चा, तो ३१ मार्च २००० पासून लागू झाला. त्याच्या कलम १६ मध्ये ताबा मागण्याची कारणं दिली आहेत. त्यातलं एक कारण म्हणजे मालकाला किंवा ज्याच्यासाठी ती जागा धारण केली आहे त्याला वापरायला जागेची वाजवी आणि प्रामाणिक गरज असणं. घर आणि दुकान असा भेद त्यात नाही. हे नवंही नाही. १९४७ च्या मुंबई भाडे कायद्यातही हेच कारण होतं. त्यामुळे ‘आता दुकानंसुद्धा काढायला लागले’ हा सूर निराधार आहे. दिल्लीत मात्र भेद होता. तिथला भाडे कायदा फक्त राहत्या जागेसाठीच ही गरज मानत असे. सर्वोच्च न्यायालयाने २००८ साली सत्यवती शर्मा खटल्यात तो भेद घटनेतल्या समानतेशी विसंगत ठरवून काढून टाकला. ज्या तत्त्वापर्यंत दिल्ली २००८ साली पोचली, ते आपल्याकडे आधीपासूनच होतं. अडचण तत्त्वाची नाही, त्याच्या अंमलबजावणीची आहे.

भाडे नियंत्रण जन्माला आलं ते टंचाईतून. पहिल्या महायुद्धात मुंबईत जागांची चणचण झाली आणि १९१८ साली युद्धकालीन निर्बंध म्हणून पहिला भाडे कायदा आला. दुसऱ्या महायुद्धानंतर, फाळणीच्या वर्षात, १९४७ चा कायदा झाला. त्याने भाडं १ सप्टेंबर १९४० च्या पातळीवर गोठवलं, त्यानंतर पहिल्यांदा दिलेल्या जागेचं त्या पहिल्या भाड्यावर. ते तात्पुरतं असणार होतं. मुदतवाढीमागून मुदतवाढ देत ते अर्धं शतक चाललं. १९९७ च्या डिसेंबरात मालपे विश्वनाथ आचार्य खटल्यात सर्वोच्च न्यायालयाला म्हणावं लागलं की गोठवलेल्या भाड्याच्या तरतुदी आता वाजवी राहिलेल्या नाहीत. नव्या कायद्याने वर्षाला चार टक्के वाढ दिली. ती चक्रवाढीने धरली तरी शंभर रुपयांचं भाडं पंचवीस वर्षांत २६७ रुपये होतं. तेवढ्यात वाड्याची कौलंसुद्धा शाकारून होत नाहीत. जुन्या नाशकात दर पावसाळ्यात एखाद्या वाड्याची भिंत खाली येते, त्याच्या मुळाशी हा हिशेब आहे. ज्या मालकाला जागेतून उत्पन्न मिळत नाही आणि ती वापरायलाही मिळत नाही, त्याच्याकडे मालकी म्हणून नक्की काय उरतं? घरपट्टीची पावती आणि महापालिकेची धोकादायक इमारतीची नोटीस.

पण दुकानदारांचा सगळ्यात भक्कम मुद्दा यापेक्षा खोल आहे आणि तो कोणी नीट मांडत नाही, म्हणून मीच मांडते. घराचा भाडेकरू घर बदलतो तेव्हा त्याची माणसं, भांडी, सवयी त्याच्यासोबत जातात. दुकानाचा भाडेकरू जागा बदलतो तेव्हा गिऱ्हाईक त्याच्यासोबत जात नाही. भांडी बाजारात तांब्याची घागर घ्यायला येणारी बाई दुकानदाराचं नाव घेत येत नाही, ती भांडी बाजारात येते. त्र्यंबकेश्वर आणि रामकुंड करून परतणारा यात्रेकरू गंगापूर रोडवरच्या मॉलमध्ये गडू शोधत नाही. सराफ बाजार, कापड पेठ, दहीपूल या जागा दुकानांच्या रांगांनी झालेल्या आहेत, आणि त्या रांगा भाडेकरूंनी टिकवल्या. सप्टेंबर २००८ च्या पुरात, २०१६ आणि २०१९ च्या पुरात गोदावरीचं पाणी या पेठांत शिरलं, तेव्हा गाळ उपसला तो दुकानदारांनी आणि त्यांच्या नोकरांनी. त्या गल्लीला आज जी किंमत आहे त्यात त्यांचा घाम आहे. ‘ज्याची जागा त्याची’ म्हणणारे हे सोयीने विसरतात.

दुसरा मुद्दा पागडीचा. जुन्या गाळ्यांत शिरताना बहुतेकांनी मोठी रक्कम मोजली होती. १९४७ च्या कायद्याने पागडी घेणं गुन्हा ठरवलं होतं, म्हणून तिची पावती कधी झाली नाही. १९९९ च्या कायद्याने अशा रकमेला मान्यता दिली, पण ती पुढच्यांना. आधी ज्यांनी आजीच्या पाटल्या मोडून पैसे भरले त्यांच्या हातात भाडेपावतीपलीकडे कागद नाही. न्यायालयात ते काय दाखवणार? त्यांना वाटतं आपण जागा अर्धी विकत घेतली आहे. कायद्याला ते फक्त महिन्याचे भाडेकरू दिसतात. हा अन्याय खरा आहे, आणि मालकांनी त्यावर गप्प बसणं मला शोभादायक वाटत नाही.

हे दोन्ही मान्य करूनही मी मालकाच्या कुटुंबाची गरज वर ठेवते. कारण हे दोन्ही मुद्दे मोबदल्याचे आहेत, ताब्याचे नाहीत. गिऱ्हाईक तुम्ही उभं केलं, त्याची किंमत तुम्हाला मिळायला हवी. पागडी दिली, ती आजच्या मोलाने परत मिळायला हवी. पण त्यावरून मालकाच्या मुलीने स्वतःच्या वाड्याच्या ओसरीसमोर उभं राहून दुसऱ्याच्या कारखान्यात रोजंदारी करावी, हे निघत नाही. किंमत देता येते अशा हानीची तुलना आयुष्याच्या वर्षांशी होत नाही. पंचविशीत धंदा सुरू करू पाहणारा मुलगा चाळिशीत तो सुरू करू शकत नाही. त्याच्याजवळ तेव्हा कर्ज काढायची छाती नसते आणि संसार डोक्यावर असतो. दुकानदाराचं दुःख मी कमी लेखत नाही, ते आमच्या घरात जेवणाच्या ताटाशी बसलेलं मी पाहिलंय. तरीही दोन गरजांपैकी एक पैशाने बरीचशी भरून निघते आणि दुसरी वेळ गेल्यावर कशानेच भरून निघत नाही, हा फरक दिसल्यावर निवड अवघड राहत नाही.

‘पण मालकाला गरज आहे हे मालकच ठरवणार का?’ हा प्रश्न परवा एका वयस्कर सराफ काकांनी मला विचारला, आणि तो रास्त आहे. न्यायालयांनी त्यावर बराच विचार केला आहे. १९९९ च्या शिव सरूप गुप्ता खटल्यापासून सर्वोच्च न्यायालय सांगत आलंय की गरज म्हणजे नुसती इच्छा नव्हे, ती प्रामाणिक आणि खरी हवी. आणि ती एकदा सिद्ध झाली की मालकाने कोणती जागा कशी वापरावी हे भाडेकरूने किंवा न्यायाधीशाने शिकवायचं नाही. ‘तुम्हाला मागची खोली आहे, तिथे दुकान टाका’ असं म्हणण्याचा अधिकार कोणालाच नाही. २००२ च्या जोगिंदर पाल खटल्यात न्यायालयाने ‘स्वतःच्या वापरासाठी’ या शब्दांत मुलाचं कार्यालयसुद्धा बसवलं, कारण आपल्या समाजात मुलाला पायावर उभं करणं ही बापाचीच गरज असते. माझ्या मते मुलगी आणि सूनही त्यात निःसंशय येतात. ‘सून म्हणजे परक्या घरची, तिची कसली गरज’ असं आपल्या पेठेतला एक माणूस मोठ्याने म्हणाला. ते ऐकून वाईट वाटलं. घरातल्या बाईने दुकान चालवायचं ठरवलं की ते ढोंगच असणार, असं आपण किती सहज धरून चालतो!

तरीही ढोंगं होतात. नाशकात तर आत्ता होण्याची शक्यता जास्त आहे. सिंहस्थाचं ध्वजारोहण ३१ ऑक्टोबर २०२६ ला ठरलेलं, अमृतस्नानं २०२७ च्या ऑगस्ट-सप्टेंबरात. गोदाकाठाजवळच्या प्रत्येक फुटाला भाव आला आहे. अशा वेळी काही मालकांची ‘गरज’ म्हणजे वाडा पाडून इमारत उभी करायची घाई असते. तसं करायचं असेल तर कायद्यात त्याच्यासाठी वेगळं दार आहे. जुनं पाडून नवं बांधायचं म्हणून ताबा मागता येतो, पण त्यात भाडेकरूला नव्या इमारतीत परत यायचा हक्क राहतो. तो हक्क द्यायचा नाही म्हणून कुणी मुलाला पुढे करून गरजेच्या दाराने आत येत असेल, तर ती मालकी हक्काची अंमलबजावणी नव्हे, लबाडी आहे. आणि ती लबाडी उद्या खऱ्या गरजेच्या आड येते. दहा ढोंगी दावे पाहिलेला न्यायाधीश अकराव्या विधवेकडेही संशयाने बघतो.

आता ढोंग पकडायला आपल्याकडे काय आहे ते पाहा. कलम १७ म्हणतं, गरजेच्या कारणाने ताबा घेतल्यावर एका महिन्यात मालकाने जागा वापरायला घेतली नाही, किंवा एका वर्षाच्या आत मूळ भाडेकरू सोडून दुसऱ्याला भाड्याने दिली, तर मूळ भाडेकरू अर्ज करून जागा परत मागू शकतो. अर्जाची मुदत ताब्यापासून तेरा महिने. एक वर्ष! चाळीस वर्षांचं बस्तान मोडायचं आणि खरेपणाची हमी एका वर्षाची. चौदाव्या महिन्यात कोणीही काहीही केलं तरी कायद्याला त्याच्याशी देणंघेणं नाही.

इथे मला आपल्याच मातीतला दुसरा कायदा आठवतो. शेतजमिनीच्या कुळांचा प्रश्न याच राज्यात, याच काळात सोडवला गेला. १९४८ च्या मुंबई कुळवहिवाट व शेतजमीन अधिनियमात जमीनमालकाला एक संधी दिली होती. जमीन स्वतः कसायची असेल तर कुळाकडून ती परत घेता येत होती. १ एप्रिल १९५७ च्या कृषक दिनापूर्वी, ठरावीक मुदतीत, अर्ज करून. ही ‘स्वतः कसण्याची गरज’ म्हणजे आपल्या गाळ्याच्या ‘स्वतःच्या वापराच्या गरजे’ची सख्खी बहीण. पण तिथे कायदेकर्त्यांनी दोन गोष्टी केल्या. एक, कुळाच्या हाती निदान निम्मी जमीन राहिली पाहिजे असं ठरवलं. दोन, मालकाने वर्षभरात जमीन त्या कामाला लावली नाही, किंवा बारा वर्षांच्या आत ते काम सोडून दिलं, तर जमीन कुळाला परत करायची. बारा वर्षं. एका शेतकऱ्याच्या बांधासाठी आपण बारा वर्षं डोळ्यात तेल घालून बसायला तयार होतो आणि एका शिंप्याच्या, सायकलवाल्याच्या, वह्या विकणाऱ्याच्या गाळ्यासाठी बारा महिने. हा फरक का, याचं उत्तर मला सापडलं नाही. हातातलं साधन जाणं हे दोघांनाही सारखंच असतं.

कूळ कायद्यातूनही पळवाटा निघाल्याच, हे कुणी सांगेल. बरोबर आहे. ‘राजीखुशीने’ दिलेले राजीनामे लिहून घेऊन हजारो कुळं जमिनीवरून हुसकली गेली, हा आपल्या ग्रामीण इतिहासाचा काळा भाग आहे. पण त्यावरून धडा असा निघतो की देखरेख कागदावर ठेवून भागत नाही. देखरेखच नको असा धडा निघत नाही. गाळ्यांच्या बाबतीत मुदत निदान पाच वर्षांची करावी. या काळात मालकाच्या कुटुंबाने जागा दुसऱ्याला दिली, विकली, पाडली किंवा कुलूप लावून ठेवली, तर मूळ भाडेकरूला परत बोलवावं किंवा चांगली भरपाई द्यावी. मालक विचारतील, ‘मुलाचा धंदा बुडाला तर? बुडणं हा गुन्हा आहे का?’ नाही. बुडाला तर शिक्षा नको. फक्त आधी मूळ भाडेकरूला विचारा, आजच्या भाड्याने घेणार का म्हणून. तो नको म्हणाला तर मोकळे व्हा. प्रामाणिक मालकाला यात काय जड आहे?

आता उशिराबद्दल. दुकानदारांची ढाल तीच आहे, आणि ती मोडायला हवी. गया प्रसाद विरुद्ध प्रदीप श्रीवास्तव या खटल्यात मालकाला मुलाच्या दवाखान्यासाठी जागा हवी होती. खटला दोन दशकांहून अधिक चालला. मधल्या काळात मुलगा सरकारी वैद्यकीय सेवेत लागला. भाडेकरू म्हणाला, आता गरज संपली. २००१ साली सर्वोच्च न्यायालयाने ते फेटाळलं आणि सांगितलं की गरज दावा दाखल केला त्या दिवशीची पाहायची. न्यायसंस्थेच्या संथपणाचा भुर्दंड मालकाने का भरावा? अलाहाबादच्या एका चित्रपटगृहाच्या जागेचा वाद तर साठ वर्षांहून जास्त चालला आणि एप्रिल २०२५ मध्ये मालकाच्या वारसांच्या बाजूने निकालात निघाला. ज्याने सुरुवात केली तो मालकही गेला होता आणि भाडेकरूही. मला हे निकाल दिलासा देत नाहीत, ते मन विषण्ण करतात. दवाखाना उघडू पाहणारा तो तरुण डॉक्टर जिंकला तेव्हा काय जिंकला? आपल्या कायद्यातही दावा साधारण बारा महिन्यांत निकाली काढावा अशी अपेक्षा लिहिलेली आहे. जिल्हा न्यायालयाच्या आवारात कोणत्याही वकिलाला ती वाचून दाखवा, तो तुमच्याकडे फक्त बघत राहील.

एक उपाय हाताशी आहे. हुकूमनामा झाल्यावर भाडेकरू अपिलात स्थगिती मागतो, तेव्हा त्याला बाजारभावाच्या आसपास रक्कम भरायला लावता येते, हे सर्वोच्च न्यायालयाने २००४ साली आत्माराम प्रॉपर्टीज खटल्यात आणि महाराष्ट्रापुरतं २००९ साली सुपर मॅक्स खटल्यात स्पष्ट केलं आहे. हे प्रत्येक अपिलात पहिल्याच तारखेला झालं तर ‘पंधरा-वीस वर्षं काही होत नाही’ हा वकिली मंत्र आपोआप थांबेल. दोनशे रुपयांत खटला चालवणं परवडतं, वीस हजारांत नाही. ज्याचा बचाव खरा आहे तो तरीही लढेल.

आणि बचाव खरे असतात. कलम १६ मध्येच पुढे सांगितलंय की ताबा दिल्याने भाडेकरूला होणारा त्रास आणि न दिल्याने मालकाला होणारा त्रास, दोन्ही तोलून पाहायचे. भाडेकरूचा जास्त असेल तर ताबा देऊ नये. न्यायालय यात दोघांना कुठे पर्यायी जागा आहे तेही बघतं. इथे भाडेकरूंनी समजून घ्यायला हवं की ‘दुसरी जागा बघू नका’ हा सल्ला घातक आहे. जागा शोधायचा प्रयत्नच केला नाही, तर त्रास जास्त होईल हे सांगणार कुठल्या तोंडाने? शोधा, लिहून ठेवा, कुठे किती डिपॉझिट मागितलं त्याची नोंद ठेवा. वडिलांनी हे केलं असतं तर कदाचित निकाल वेगळा लागला असता, निदान रविवार पेठेत एखादा गाळा तरी वेळेत मिळाला असता. त्याच कलमात आणखी एक वाट आहे. कोणालाही त्रास न होता जागेचा काही भाग देता येत असेल, तर तेवढ्याच भागाचा ताबा द्यायचा. जुन्या नाशकातले गाळे अरुंद पण खोल असतात, मागे अंधारी कोठार, वर माळा. समोरची बाजू वाटून घेता येईल असे कितीतरी गाळे माझ्या माहितीत आहेत. पण मालक ‘सगळं’ मागतो आणि भाडेकरू ‘काहीच नाही’ म्हणतो, त्यामुळे मधली वाट कोणी मागतच नाही.

उरला मोबदला. मालक संतापतात: नाममात्र भाड्यात वापरून वर पैसे? त्यांना मी सांगेन, हा मोबदला जागेचा नाही. इंग्लंडमध्ये १९५४ च्या कायद्यानुसार मालक स्वतःच्या धंद्यासाठी दुकानाची जागा परत घेतो, तेव्हा भाडेकरूला भरपाई मिळते, आणि तो चौदा वर्षं तिथे धंदा करत असेल तर ती दुप्पट होते. जितकं बस्तान जुनं तितकं ते उपटण्याचं मोल जास्त, हा साधा विचार त्यामागे आहे. आपण त्यात आपल्याकडची भर घालू शकतो. मालकाचा मुलगा तिथे वेगळाच धंदा करणार असेल तर भरपाई मध्यम ठेवावी. पण कापडाच्या दुकानाला उठवून कापडाचंच दुकान टाकणार असेल, तर तो जागेसोबत गिऱ्हाईकही घेतो आहे. मग त्याने त्याची पूर्ण किंमत मोजावी. भाड्याच्या पावतीत ती किंमत कुठेच नव्हती, म्हणून ती फुकट होत नाही. पागडीचे जुने व्यवहारही इथेच, शेजाऱ्यापाजाऱ्यांची साक्ष काढून, हिशेबात धरता येतील.

केंद्राने २०२१ साली आदर्श भाडेकरू कायदा आणला. लेखी करार, दुकानांसाठी जास्तीत जास्त सहा महिन्यांचं डिपॉझिट, वादांसाठी वेगळी यंत्रणा, हे सगळं त्यात आहे आणि चांगलं आहे. पण तो पुढच्या करारांसाठी आहे. जुन्या पेठांतल्या गाळ्यांचा गुंता त्याने सुटणार नाही. तो सोडवायला कलम १७ मध्ये आपल्या विधिमंडळालाच हात घालावा लागेल.

माझ्या मावशीचा तिवंध्याजवळ वाडा आहे. दर्शनी गाळ्यात तीस वर्षांपासून एक शिलाईवाले काका बसतात. मावसभावाला तिथे चष्म्यांचं दुकान टाकायचं आहे, त्याचा अभ्यासक्रम पूर्ण झालाय. नोटीस काढण्याआधी मावशीने मला विचारलं. मी म्हटलं, आधी काकांना घरी बोलाव, टेप आण आणि गाळा मोजा. मागच्या रविवारी मोजला. रुंदी नऊ फूट, खोली सव्वीस. काका म्हणाले, मला सहा फूट रस्त्याकडची मिळाली तर मशीन बसतं. भावाला चष्म्यांची काच दर्शनी हवी आहे, त्यामुळे बोलणं अजून चालू आहे. जमलं नाही तर दावा होईल, आणि माझ्या मते मावशीने तो जिंकायला हवा. भावाला मात्र मी सांगून ठेवलं आहे: जिंकलास तर पाच वर्षं त्या पाटीवर तुझंच नाव राहिलं पाहिजे, आणि दुकान जमलं नाही तर पहिला फोन काकांना करायचा.